‘ती वेडी नन ना?’: द स्मॉल बॅक रूमची ब्लू-रे आणि कॅथलीन बायरन

आधीच सांगते, रिव्ह्यू ब्लू-रेचा आहे पण निम्म्याहून जास्त एका बाईबद्दलच होणारे. ज्यांना फक्त पिक्चर कसा दिसतो एवढंच हवंय त्यांच्यासाठी, छान दिसतो, बिनधास्त घ्या, पुढचं नाही वाचलंत तरी राग नाही.

झालं असं की २०२३ च्या शेवटी इथे लंडनला बीएफआय (ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट) साउथबँकमध्ये पॉवेल आणि प्रेसबर्गर या दिग्दर्शक जोडीच्या सिनेमांचा मोठा सीझन होता, तेव्हा ‘ब्लॅक नार्सिसस’ पहिल्यांदा मोठ्या पडद्यावर बघितला. बाहेर पडताना नवरा म्हणाला, डेबोरा कर छान आहे पण ती वेडी नन कोण गं? मलाही सांगता येईना. वॉटर्लू स्टेशनपर्यंत दोघं फक्त तिच्याबद्दलच बोलत होतो आणि नाव दोघांनाही माहीत नाही, म्हणजे बघा. क्रेडिट्समध्ये नाव होतंच की, पण तोवर आम्ही कोट शोधत होतो. ट्रेनमध्ये बसून मोबाइलवर बघितलं तर कॅथलीन बायरन. तेव्हापासून आमच्या घरात मी एक दीड वर्षाचा प्रोजेक्टच काढला, की ही बाई जिथे जिथे दिसते ते सगळं बघायचं, आणि त्यात जी डिस्क सगळ्यात जास्त वेळा प्लेअरमध्ये गेली ती ‘द स्मॉल बॅक रूम’ची.

पण ननबद्दल दोन शब्द बोलल्याशिवाय पुढे जाता येणार नाही. १९४७ चा सिनेमा, हिमालयात एका जुन्या महालात पाच नन्स शाळा-दवाखाना काढायला येतात आणि ती हवा, ती उंची, तो वारा त्यांना हळूहळू पोखरत जातो. यातलं एक पाऊलही हिमालयात पडलेलं नाही, सगळं पाइनवूड स्टुडिओत आणि थोडंसं ससेक्समधल्या एका बागेत, डोंगर आणि दरी म्हणजे काचेवर रंगवलेली चित्रं. कॅमेऱ्यासाठी जॅक कार्डिफला आणि सेट्ससाठी आल्फ्रेड युंगला ऑस्कर मिळालं ते उगीच नाही. (जीन सिमन्सला तपकिरी रंग फासून पहाडी मुलगी केलंय ते मात्र आज बघताना दात आंबतात, आणि हे सगळं भारत स्वातंत्र्याच्या उंबरठ्यावर असताना, असो.)

कॅथलीन बायरन त्यात सिस्टर रूथ. एक सीन आहे, मठाची प्रमुख, सिस्टर सुपीरियर झालेली डेबोरा कर रात्री तिच्या खोलीत येते तर ही ननचे कपडे टाकून गडद लाल ड्रेसमध्ये उभी. दोघी टेबलाच्या दोन बाजूंना बसतात, मध्ये मेणबत्ती. ती बायबल उघडते आणि ही पर्समधून लिपस्टिक काढून अगदी सावकाश, समोरच्या बाईच्या डोळ्यात डोळे घालून ओठांना लावायला लागते. बस, एवढंच घडतं. किंचाळणं नाही, काही फेकाफेक नाही, पण मी खुर्चीत मागे सरकले होते. वरच्या ओठावर घामाचे थेंब दिसतात तिच्या. लोक वेडी नन वेडी नन म्हणतात पण मला उलट वाटतं, त्या महालात आपल्याला काय हवंय हे स्पष्ट माहीत असलेली ती एकटीच आहे, आणि बायरननेही ती तशीच केलीये, स्वतःच्या नजरेत पूर्ण शहाणी. म्हणून तर भीती वाटते.

रोल देतानाच मायकेल पॉवेलने तिला कळवलं होतं म्हणे, की अडचण एकच आहे, इतका चांगला रोल तुला परत मिळायचा नाही. आता हा किस्सा तिच्याबद्दलच्या प्रत्येक लेखात येतो आणि प्रत्येक जण तो असा सांगतो की जणू भविष्यवाणी खरी ठरली, संपलं. मला या किश्शाचा मनस्वी कंटाळा आलाय. कारण दोनच वर्षांनी त्याच पॉवेलने तिला ‘द स्मॉल बॅक रूम’मध्ये घेतलं, आणि माझ्या मते तिचं सगळ्यात चांगलं काम ते आहे, फक्त त्यात ती किंचाळत नाही म्हणून कोणाच्या लक्षात राहिलं नाही.

आता डिस्क. पहिली कॉपी मी एका सेकंडहँड विक्रेत्याकडून ऑनलाइन मागवली, नाव घेत नाही, साडेसहा पौंड अधिक पोस्टेज. लिहिलं होतं रीजन टू, आली अमेरिकेची रीजन वन डीव्हीडी, इथल्या प्लेअरने तोंडच फिरवलं. वर केसला तडा, आतली टोचणारी दातेरी चकती तुटलेली त्यामुळे डिस्क आत खुळखुळतेय. मेल केला तर उत्तर काय, तर मल्टी-रीजन प्लेअर घ्या. अरे वा! साडेसहा पौंडांच्या डिस्कसाठी प्लेअर घेऊ का? मग दुसऱ्या मेलमध्ये २०१५ च्या कन्झ्युमर राइट्स अॅक्टचं नाव काढलं, वस्तू वर्णनाप्रमाणे नाही एवढं एकच वाक्य लिहिलं आणि तिसऱ्या दिवशी पैसे परत. इथे राहणाऱ्यांनी ते वाक्य पाठ करून ठेवा, जादू आहे.

मग नवी ब्लू-रे घेतली, अलीकडच्या ४के रिस्टोरेशनवरून काढलेली. हे रिस्टोरेशन बीएफआय नॅशनल आर्काइव्ह आणि फिल्म फाउंडेशनने मिळून केलंय. सिनेमा ब्लॅक अँड व्हाइट आहे, कॅमेरा ख्रिस्तोफर चॅलिसचा, आणि खरंच सांगते यातला काळा रंग बघण्यासारखा आहे. आधी मी टीव्हीवर जी प्रिंट थोडीशी बघितली होती त्यात सगळं राखाडी, चहात बुडवल्यासारखं. इथे अंधाऱ्या खोलीत टेबललॅम्पच्या उजेडात दोघांचे चेहरे इतके जवळ येतात की पापण्या मोजाव्यात. ग्रेन, म्हणजे फिल्मचा तो दाणेदारपणा, ठेवलाय, घासून गुळगुळीत केलेलं नाही हे फार बरं. आवाज मोनो आहे, असणारच, पण स्वच्छ. सगळे त्या काळचं भराभरा, तोंडातल्या तोंडात इंग्लिश बोलतात त्यामुळे मी सबटायटल्स लावूनच बघते, लाज नाही वाटत.

गोष्ट १९४३ ची, युद्ध चालू आहे. सॅमी राइस (डेव्हिड फरार, तोच जो ब्लॅक नार्सिससमध्ये अर्ध्या चड्डीत फिरतो) हा सरकारच्या एका कोपऱ्यातल्या खात्यात शस्त्रांवर काम करणारा शास्त्रज्ञ. एक पाय कृत्रिम, तो सतत दुखतो, गोळ्यांनी भागत नाही आणि दारू प्यायला लागला की थांबता येत नाही. जर्मन विमानं काहीतरी नवीन छोटे बॉम्ब टाकतायत, थर्मास पडलाय असं वाटून मुलं उचलतात आणि मरतात, ते निकामी कसे करायचे हे शोधायचंय. आणि कॅथलीन बायरन म्हणजे सुझन, त्याच ऑफिसमध्ये सेक्रेटरी, आणि त्याची… काय म्हणायचं, लग्न झालेलं नाही, समोरासमोरच्या फ्लॅटमध्ये राहतात, आणि १९४९ च्या ब्रिटिश सिनेमात सेन्सॉरला चालेल इतपत अंतर राखून सिनेमा आपल्याला सगळं सांगून टाकतो. नायजेल बाल्चिनच्या कादंबरीत एवढा आडपडदा नव्हता.

यात सुझनचं काम काय, तर सांभाळायचं. कागदावर वाचलं तर अगदी रटाळ रोल आहे, हिरोच्या दारूची काळजी करणारी बाई, असे हजार रोल आपण बघितलेत. पण बायरन काय करते बघा. सॅमीचा पाय दुखायला लागला की ती त्याच्या पायाकडे बघतच नाही. चेहऱ्याकडेही लगेच बघत नाही. आधी काहीतरी हातातलं काम संपवते, ग्लास ठेवते, वळते, आणि मग असं बघते की जणू सहज. दया दाखवली तर हा माणूस बिथरेल हे तिला माहीत आहे आणि ते माहीत असणं तिच्या मानेत, खांद्यात दिसतं. मी हे चौथ्यांदा बघताना पकडलं. ज्या घरात कोणाला कायमचं दुखणं असतं ना, तिथल्या बायका अशाच वळतात. माझी आत्या अशीच वळायची.

आणि तिला रागही येतो, हे मला फार आवडलं. सॅमी स्वतःची कीव करत बसतो तेव्हा ती ऐकते, ऐकते आणि एका ठिकाणी तिचा आवाज एकदम कोरडा होतो, मोठा नाही, कोरडा. त्यानंतर ती जाते. तो मागे घरातल्या वस्तूंची मोडतोड करतो. त्या रागात सिस्टर रूथची ती नजर क्षणभर येऊन जाते बरं का, ते मोठे फिकट डोळे, फक्त इथे ती नजर एका थकलेल्या, हुशार, ऑफिसातून घरी आलेल्या बाईची आहे.

सिनेमातला गाजलेला तुकडा म्हणजे सॅमी एकटा सुझनची वाट बघत बसलाय, घड्याळ टिकटिकतंय, आणि व्हिस्कीची बाटली वाढत वाढत माणसाहून मोठी होते. काही लोकांना तो फार ग्रेट वाटतो, मला जरा जास्तच वाटला, मधूनच दुसरा सिनेमा लागल्यासारखा. दुसरा शेवटचा, डॉर्सेटमध्ये चेसिल बीचवर, नुसते गोटेच गोटे असलेला किनारा, तिथे सॅमी एकटा बॉम्ब निकामी करतोय. त्याच्या आधी ज्या अधिकाऱ्याने प्रयत्न केला तो मेलाय, आणि त्याने काम करताना फोनवर सांगितलेलं एकेक वाक्य एका मुलीने लिहून घेतलंय, ती ते सॅमीला वाचून दाखवते. रेने अॅशरसन आहे त्या छोट्याशा रोलमध्ये. वाचताना आवाज सपाट ठेवायचा तिचा आटापिटा… मी तिथे दोन्ही वेळा, नाही, चारही वेळा रडले. मग गोट्यांवर घसरणारा पाय, समुद्र, हातातला पाना. सुझन यात कुठेच नाही, आणि तरी मला सतत वाटत होतं की ती आत्ता कुठे असेल.

तक्रारी आहेत. मधला कमिटी-मीटिंगांचा भाग लांबलाय, एका तोफेवरून खात्याखात्यांत राजकारण चालतं, तेव्हा नवरा उठून चहा करून आला आणि त्याचं काही चुकलं नाही. त्या तोफेची चाचणी स्टोनहेंजच्या शेजारी घेतलीये ते बघायला गंमत वाटते तेवढीच. आणि मोठी तक्रार ही की सुझनला स्वतःचं असं काही दिलेलंच नाही. तिचे आईवडील कुठे, तिला या युद्धात कोणाची काळजी, संध्याकाळी एकटी असताना काय करते, काही नाही. शेवटी सॅमी घरी येतो तर ती परत आलेली असते आणि त्याने मोडलेलं सगळं तिने नीट करून, नवं आणून जागेवर ठेवलेलं असतं. १९४९ मध्ये हा गोड शेवट असेल, मला मात्र वाटलं बाई गं, निदान काचा तरी त्याला उचलायला लावायच्या.

सिनेमा चालला नाही. लोकांना युद्ध संपून चार वर्षं झाल्यावर युद्धावरचा सिनेमा नको होता असं पॉवेलचं म्हणणं. आणि कॅथलीन बायरनचं घोडं इथेच अडलं असं मला वाटतं. नन गाजली पण सुझन कोणी बघितलीच नाही, म्हणजे निर्मात्यांच्या डोक्यात उरली ती ननच. त्याच वर्षी ‘मॅडनेस ऑफ द हार्ट’मध्ये मार्गारेट लॉकवुड आंधळी नायिका आणि ही तिच्या जिवावर उठलेली मत्सरी शेजारीण. १९५० मध्ये ‘प्रिल्यूड टू फेम’, एका लहान मुलाचं संगीतातलं टॅलेंट वापरून घेणारी श्रीमंत बाई. १९५२ मध्ये हॅमर कंपनीच्या ‘द गॅम्बलर अँड द लेडी’मध्ये हिरोने टाकून दिलेली गर्लफ्रेंड. डोळे मोठे आहेत ना, मग द्या तिला जळफळाट. यातले दोन मी बघितले, तिच्या सीनपुरते बघा, बाकी फास्ट फॉरवर्ड.

एक अपवाद आहे आणि तो मिळाला तर जरूर बघा, १९५१ चा ‘लाइफ इन हर हँड्स’. सरकारी क्राउन फिल्म युनिटने नर्सेसची भरती व्हावी म्हणून काढलेला सिनेमा, एनएचएस, म्हणजे इथली सरकारी आरोग्यसेवा, तेव्हा नुकतंच तीन वर्षांचं. ही तरुण विधवा, नर्सिंग शिकायला येते. म्हणजे परत डोक्यावर पांढरं कापड! पण इथे रूथसारखा डोळ्यांना कोणी लाल रंग लावलेला नाही, नुसती एक दुःखी बाई चादरी घालायला शिकतेय. जाहिरातीचा सिनेमा असून तिने त्यात जीव ओतलाय.

लोक म्हणतात तिने रोल नीट निवडले नाहीत वगैरे. अहो निवडायला होतं काय? १९४७ मध्ये सरकारने अमेरिकन सिनेमांवर ७५ टक्के ड्यूटी लावली, हॉलिवुडने सिनेमे पाठवणंच बंद केलं, ती पोकळी भरायला रँक या मोठ्या ब्रिटिश कंपनीने धडाधड सिनेमे काढले, आणि १९४८ मध्ये ड्यूटी उठली तेव्हा अमेरिकन सिनेमांचा लोंढा आला आणि रँक कर्जात बुडाला. कपात सुरू. ब्रिटनमध्ये १९४६ साली वर्षाला १६० कोटींच्या वर तिकिटं खपत होती, १९६० पर्यंत ती ५० कोटींवर आली, लोक घरी टीव्ही बघत बसले. या सगळ्यात तिशीतली, ‘विचित्र’ चेहऱ्याची नटी कोणाला हवी होती.

आणि तुलना बघा ना. ब्लॅक नार्सिससमधली डेबोरा कर एमजीएमकडे गेली आणि पुढे सहा वेळा ऑस्करचं नामांकन. जीन सिमन्सही हॉलिवुडला गेली. १९५३ मध्ये ‘यंग बेस’मध्ये तिघी परत एकत्र आल्या, हॉलिवुडमध्येच, सिमन्स राणी एलिझाबेथ, कर कॅथरिन पार, आणि बायरन? अॅन सीमोर, खडूस जाऊबाई. सहा वर्षांपूर्वी त्याच डेबोरा करला तिने पडद्यावर घाम फोडला होता. मी तो सिनेमा बघताना सारखी पॉज करून तिघींच्या फ्रेममध्ये कोण कुठे उभं आहे ते बघत होते, नवरा म्हणाला अगं पुढे जाऊ दे.

त्याच वर्षी पत्रकार अलारिक जेकब यांच्याशी तिचं दुसरं लग्न झालं, ती इंग्लंडमध्येच राहिली आणि मग काम करतच राहिली, टीव्हीवर, छोट्या रोल्समध्ये, वर्षानुवर्षं. १९७१ च्या ‘ट्विन्स ऑफ ईव्हिल’मध्ये पीटर कुशिंगची बायको आहे, व्हँपायरचा सिनेमा, शूटिंग परत पाइनवूडलाच. ‘द एलिफंट मॅन’मध्येही आहे, डोळ्यात तेल घालून शोधावी लागते. ज्यांनी ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’ बघितलाय त्यांना ती स्वर्गात मेलेल्या वैमानिकांची नोंद ठेवणारी म्हणून आठवेल, तो १९४६ चा, ननच्याही आधीचा. मी तो आधी दोनदा बघितला होता आणि तिच्याकडे लक्षच गेलं नव्हतं.

तर रेटिंग. पिक्चर क्वालिटी पाचपैकी पाच, सिनेमा चार, कॅथलीन बायरन पाच, पुठ्ठ्याचं बाहेरचं कव्हर दोन कारण कोपरा आल्याआल्याच दुमडलेला होता. सेलमध्ये मिळाली तर बघा, मला अकरा पौंडांना पडली, पूर्ण किंमत देऊनही पस्तावणार नाही. पण एक करा, आधी ‘ब्लॅक नार्सिसस’ आणि लगेच दुसऱ्या दिवशी हा. उलट क्रमाने बघितलंत तर सुझन फक्त एक चांगली बाई वाटेल, ती काय काय दाबून बसलीये ते कळणार नाही.

प्रोजेक्टमधला शेवटचा सिनेमा आम्ही मागच्या रविवारी लावला. १९९८ मध्ये ती ‘ले मिझराब्ल’मध्ये मदर सुपीरियर झालीये, म्हणजे एक्कावन्न वर्षांनी शेवटी मठात प्रमोशन मिळालं! पण आम्ही लावला तो त्याच वर्षीचा ‘सेव्हिंग प्रायव्हेट रायन’. नवऱ्याने हा सिनेमा निदान सहा वेळा बघितलाय, मी त्याला मुद्दाम काही बोलले नाही. नॉर्मंडीच्या स्मशानात म्हातारा रायन एका कबरीपाशी उभा आहे, मागे घरचे सगळे, आणि पांढऱ्या केसांची त्याची बायको जवळ येते. तो तिला विचारतो, सांग ना, मी चांगला माणूस आहे ना? ती आधी गोंधळते. मग त्याच्याकडे बघते आणि म्हणते, आहेस की. दोनच शब्द. आणि त्याआधीचं ते वळणं, ते सहज असल्यासारखं बघणं. नवऱ्याने रिमोट उचलून पॉज केलं, थोडा पुढे वाकला आणि म्हणाला, अगं, ही सुझन.